अपडेट बंद झालेला जुना कॉम्प्युटर: वेग कसा वाढवायचा आणि काय अजिबात करायचं नाही

१४ ऑक्टोबर २०२५ ला मायक्रोसॉफ्टने विंडोज १० चा पाठिंबा थांबवला. तेव्हापासून ठाणे-नवी मुंबईतल्या कितीतरी घरांत, दवाखान्यांत, अकाउंटंटच्या ऑफिसांत आणि सोसायट्यांच्या कार्यालयांत एकच प्रश्न विचारला जातोय: चांगला चालणारा कॉम्प्युटर आता टाकून द्यायचा का? दुकानात विचारलं की दोनपैकी एक उत्तर मिळतं. एक म्हणजे, "साहेब, आता नवीनच घ्या." दुसरं, "काही होत नाही हो, वापरा बिनधास्त. फास्ट करून देतो." दोन्ही उत्तरं घाईची आहेत, पण दुसरं जास्त धोक्याचं आहे.

कॉम्प्युटर हळू चालणं ही एक अडचण आहे आणि तो असुरक्षित होणं ही वेगळी. लोक या दोन्हींची सरमिसळ करतात. मशीन हळू झालं की अँटिव्हायरस काढतात, अपडेट बंद करतात, कुठलं तरी 'क्लीनर' टाकतात. चार दिवस बरं वाटतं आणि दार मात्र उघडं राहतं. वेग वाढवायला सुरक्षितता सोडावी लागत नाही, हे मला इथे सांगायचंय.

## पाठिंबा संपला म्हणजे नेमकं काय झालं?

कॉम्प्युटर बंद पडला नाही. तो कालच्यासारखाच सुरू होतो, फाइली उघडतात, प्रिंट निघते. थांबलेत ते पॅच. सॉफ्टवेअरमध्ये राहून गेलेल्या चुका, ज्यांतून बाहेरचा माणूस आत शिरू शकतो, त्या बुजवणाऱ्या दुरुस्तीला पॅच म्हणतात. मायक्रोसॉफ्ट हे पॅच दर महिन्याच्या दुसऱ्या मंगळवारी देतं.

सिडकोच्या एखाद्या वसाहतीत वीस इमारती आहेत आणि सगळ्या दारांना एकाच बनावटीचं कुलूप आहे असं समजा. अमुक ठिकाणी पिन घातली की कुलूप उघडतं, हे कंपनीच्या लक्षात येतं. ती एकोणीस इमारतींची कुलपं बदलते आणि दोष काय होता त्याची नोटीसही लावते. विसावी इमारत तुमची. तुमचं कुलूप कालच्याइतकंच घट्ट आहे, पण ते कसं उघडायचं हे आज सगळ्यांना कळलंय.

विंडोज १० आणि ११ चा बराचसा गाभा एकच आहे. त्यामुळे ११ साठी पॅच आला की तो उलगडून बघणाऱ्याला १० मधलं भोकही सापडतं. म्हणून पाठिंबा संपल्यावर धोका एका दिवसात येत नाही, तो महिन्यागणिक साचत जातो. विंडोज ७ च्या बाबतीत हेच झालं. त्याचा पाठिंबा १४ जानेवारी २०२० ला संपला आणि २०२३ च्या सुरुवातीला क्रोमनेही ७ आणि ८.१ साठी नव्या आवृत्त्या देणं थांबवलं. विंडोज १० वर ब्राउझर अजून अपडेट होतात, ही त्यातल्या त्यात चांगली गोष्ट.

## "माझ्या कॉम्प्युटरमध्ये चोरण्यासारखं आहे काय?"

हा प्रश्न सगळ्यात जास्त ऐकू येतो. कोपरखैरण्यातल्या किंवा नेरूळच्या एखाद्या सोसायटीचं कार्यालय डोळ्यांसमोर आणा. कोपऱ्यात दहा-बारा वर्षांचा डेस्कटॉप. त्यात मेंटेनन्सची बिलं, सभासदांची यादी, फोन नंबर, भाडेकरूंच्या आधार-पॅनच्या स्कॅन केलेल्या प्रती, सोसायटीच्या बँक खात्याचं लॉगिन ब्राउझरमध्ये सेव्ह केलेलं, शिवाय सेक्रेटरींचं व्हॉट्सअॅप वेब कायम चालू. त्या कॉम्प्युटरमधलं मोलाचं सामान दीडशे घरांचं आहे, एकट्या सेक्रेटरींचं नाही.

आणि हल्ला करणारा तुम्हाला ओळखून येत नाही. इंटरनेटवर भोक असलेली मशीनं शोधण्याचं काम प्रोग्रामच करतात. २७ जून २०१७ ला नॉटपेट्या नावाचा व्हायरस युक्रेनमधल्या एका अकाउंटिंग सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून पसरला. मर्स्क या डॅनिश जहाज कंपनीची यंत्रणा त्याने जगभर बंद पाडली आणि त्याच समूहाकडे असलेलं आपल्या न्हावा-शेवा बंदरातलं कंटेनर टर्मिनल ठप्प झालं. त्या व्हायरसने वापरलेल्या विंडोजमधल्या भोकाचा पॅच मार्चमध्येच आला होता. शिवाय एकदा आत शिरल्यावर तो पासवर्ड चोरून पॅच लावलेल्या मशीनवरही जात होता. म्हणूनच "एकच तर जुना कॉम्प्युटर आहे" हा युक्तिवाद टिकत नाही. त्याच वायफायवर तुमचा मोबाइल आहे, मुलीचा लॅपटॉप आहे.

"अँटिव्हायरस आहे ना?" आहे, आणि असावाच. विंडोज १० मधल्या डिफेंडर या अँटिव्हायरसला व्हायरस ओळखण्याची माहिती ऑक्टोबर २०२८ पर्यंत मिळत राहणार आहे. पण अँटिव्हायरस ओळखीच्या चोराला अडवतो, भिंतीतलं भोक बुजवत नाही. ते काम पॅचचंच.

## आधी बॅकअप

कुठलाही स्क्रू सैल करण्याआधी किंवा काहीही अनइन्स्टॉल करण्याआधी फाइलींची प्रत एका बाहेरच्या हार्ड डिस्कवर घ्या आणि ती डिस्क काढून ठेवा. कायम जोडलेली डिस्क हा बॅकअप नव्हे, कारण खंडणी मागणारा व्हायरस तीही कुलूपबंद करतो. महत्त्वाच्या फाइलींची आणखी एक प्रत ऑनलाइन किंवा दुसऱ्या घरी असावी.

प्रत घेतल्यावर दोन-चार फाइली दुसऱ्या कॉम्प्युटरवर उघडून बघा. मग क्रिस्टलडिस्कइन्फोसारख्या मोफत प्रोग्रामने जुन्या डिस्कची तब्येत तपासा. तिथे पिवळा किंवा लाल शेरा दिसला तर वेगाचं सगळं बाजूला ठेवा. ती डिस्क कधीही दगा देऊ शकते.

## मशीन हळू का चालतं?

कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप ही तीन बटणं एकत्र दाबा. टास्क मॅनेजर उघडतो. कॉम्प्युटर नुकताच चालू केला असेल तर जुन्या मशीनवर बहुधा असं दिसेल: सीपीयू वीस-तीस टक्के, आणि डिस्क शंभर टक्के. आता डिस्कवर क्लिक करून वेग बघा. तो असेल जेमतेम एक-दोन एमबी दर सेकंदाला. डिस्क पूर्ण कामात आहे, तरी काम मात्र इतकंसं. असं कसं?

जुन्या हार्ड डिस्कमध्ये फिरणारी तबकडी असते आणि तिच्यावर सरकणारी सुई. लॅपटॉपमधली तबकडी साधारणपणे मिनिटाला ५,४०० फेऱ्या घेते, म्हणजे सेकंदाला ९०. एका फेरीला ११ मिलिसेकंद. हवी ती माहिती सुईखाली येईपर्यंत सरासरी अर्धी फेरी वाट बघायची, त्याआधी सुई योग्य जागी न्यायची. एका छोट्या वाचनाला पंधरा-सोळा मिलिसेकंद जातात. म्हणजे सेकंदाला साठ-सत्तर वाचनं, त्याहून जास्त नाहीत. विंडोज सुरू होताना हजारो छोट्या फाइली उघडतं. डिस्कचा बहुतेक वेळ सुई सरकवण्यात जातो, वाचण्यात नाही.

एसएसडीमध्ये फिरणारा भाग नसतो, सगळं चिपवर असतं. तिथे एका वाचनाला मिलिसेकंदाचा दहावा हिस्सा किंवा त्याहून कमी वेळ लागतो. जुन्या कॉम्प्युटरला अडीच इंची साटा (म्हणजे जुन्या डिस्कच्याच जोडणीवर बसणारा) एसएसडी बसवणं हा म्हणूनच सगळ्यात मोठा बदल ठरतो. इतर सगळे उपाय मिळूनही तेवढा फरक पाडत नाहीत. माझं मत विचाराल तर एकाच गोष्टीवर खर्च करायचा असेल तेव्हा यावरच करा. घरच्या किंवा सोसायटीच्या कामाला २५६ जीबी पुरतं. फोटोंसाठी जुनी डिस्क, तिची तब्येत चांगली असेल तर, बाहेरून जोडता येते.

घेताना दोन गोष्टी सांभाळा. ऑनलाइन बाजारात हास्यास्पद किमतीत दोन-चार टीबीचे एसएसडी दिसतात. त्यातल्या अनेकांत आत छोटं मेमरी कार्ड असतं आणि क्षमता खोटी दाखवलेली असते. काही जीबी भरल्यावर जुन्या फाइली गुपचूप नष्ट होतात. ओळखीच्या कंपनीचा, बिलासह घ्या. दुसरं, बसवणाऱ्याला आधीच सांगा की जुनी डिस्क परत हवी आहे. ती दुकानात राहू देऊ नका.

## रॅम, धूळ आणि एक छोटी बॅटरी

टास्क मॅनेजरमध्ये मेमरीचा आकडा कायम ऐंशी-नव्वद टक्क्यांच्या वर असेल तर रॅम, म्हणजे चालू कामाची माहिती धरून ठेवणारी मेमरी, कमी पडतेय. ४ जीबी असेल तर ८ करा. मेमरीच्या पानावर किती खाचा भरल्यात हे लिहिलेलं असतं. जुन्या लॅपटॉपच्या बाबतीत डीडीआर३ आणि डीडीआर३एल या रॅमच्या दोन प्रकारांत गल्लत करू नका. पहिली १.५ व्होल्टवर चालते, दुसरी १.३५ वर, आणि काही मशीनं फक्त दुसरीच स्वीकारतात. विंडोज ३२ बिटचं असेल तर ४ जीबीच्या वर रॅम टाकून उपयोग नाही, ती वापरलीच जात नाही. २०२५ च्या अखेरीपासून एआयच्या डेटा सेंटरांच्या मागणीने मेमरीचे भाव चढले आहेत (ऐरोली-महापे पट्ट्यातून जाताना ही अवाढव्य सेंटरं दिसतातच), त्यामुळे आधी दोन-तीन ठिकाणी विचारा.

आपल्याकडच्या दमट हवेत आणि रस्त्यांच्या कामांच्या धुळीत पंख्याच्या जाळीवर दोन-तीन वर्षांत घट्ट थर बसतो. प्रोसेसर तापला की तो स्वतःला वाचवायला मुद्दाम वेग कमी करतो. दुपारी हळू आणि सकाळी बरा चालणारा कॉम्प्युटर अनेकदा यामुळेच तसा वागतो. मशीन बंद करून, प्लग काढून धूळ साफ करा आणि प्रोसेसरवरची वाळलेली थर्मल पेस्ट बदलून घ्या. लॅपटॉपचा टचपॅड वर उचलल्यासारखा वाटला तर मात्र थांबा. आतली बॅटरी फुगलेली असू शकते. ती दाबू नका, टोचू नका, चार्जिंग बंद करा आणि जाणकाराकडून काढून घ्या.

आणि ही गोष्ट फार लोकांना माहीत नसते. जुना कॉम्प्युटर चालू केल्यावर प्रत्येक वेबसाइट "कनेक्शन खाजगी नाही" असं सांगू लागली, तर आधी कोपऱ्यातली तारीख बघा. मदरबोर्डवरची सीआर२०३२ ही नाण्याएवढी बॅटरी संपली की घड्याळ काही वर्षं मागे जातं. वेबसाइटच्या ओळखपत्राला मुदत असते, ती कॉम्प्युटर आपल्या तारखेशी ताडून बघतो आणि नकार देतो. किराणा दुकानातही मिळणारी ही बॅटरी बदलली की काम झालं. इशारा दुर्लक्षून पुढे जायची सवय लावून घेऊ नका.

स्टार्टअपमधले नको ते प्रोग्राम बंद करा, दोन अँटिव्हायरस असतील तर एक काढा, ब्राउझरमधली अनोळखी एक्स्टेन्शन्स काढा. हे अर्ध्या तासाचं काम आहे.

## वेगाच्या नावाखाली हे करू नका

रजिस्ट्री क्लीनर, ड्रायव्हर बूस्टर, रॅम बूस्टर यांची गरज नाही. रजिस्ट्री म्हणजे विंडोज आणि प्रोग्रामांच्या सेटिंग्जची नोंदवही. तिच्यातल्या काही शे नोंदी काढल्याने वेग वाढत नाही, चुकीची एक नोंद गेली तर मात्र प्रोग्राम बंद पडतो. नावाजलेलं साधनही दगा देऊ शकतं. २०१७ मध्ये सीक्लीनरच्या अधिकृत डाउनलोडमध्येच हल्लेखोरांनी मालवेअर घुसवलं होतं आणि बावीस लाखांहून अधिक लोकांनी ती आवृत्ती टाकली होती.

दुकानात "फ्रीमध्ये" टाकून मिळणारं क्रॅक केलेलं विंडोज नको. ते सक्रिय करणारा प्रोग्राम चालावा म्हणून आधी अँटिव्हायरस बंद करायला सांगतात, यातच सगळं आलं. "हलकं विंडोज" म्हणून कुणीतरी कापून-छाटून इंटरनेटवर ठेवलेल्या आवृत्त्याही तशाच. त्यात काय काढलंय आणि काय घातलंय हे बनवणाऱ्यालाच माहीत.

## मग विंडोजचं काय करायचं?

पहिली तपासणी अशी करा: तुमचं मशीन खरंच विंडोज ११ ला अपात्र आहे का? ११ ला टीपीएम २.० लागतं. टीपीएम म्हणजे पासवर्ड आणि चाव्या सुरक्षित ठेवणारी चिप किंवा प्रोसेसरमधलीच तशी सोय. इंटेलची आठवी पिढी किंवा त्यानंतरचा प्रोसेसर असूनही अनेक असेंबल केलेल्या डेस्कटॉपवर ही सोय बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी सुरू होणाऱ्या मदरबोर्डच्या सेटिंग्जमध्ये, बंद ठेवलेली असते. ती चालू केली की तेच मशीन पात्र ठरतं. मायक्रोसॉफ्टचं पीसी हेल्थ चेक मोफत आहे, नेमकं काय कमी पडतंय ते सांगतं.

"तपासणी चुकवून ११ टाकता येतं म्हणे?" येतं. पण अशा मशीनला पुढचे अपडेट मिळतीलच याची हमी मायक्रोसॉफ्ट देत नाही, आणि ११ च्या २४एच२ या आवृत्तीपासून फार जुन्या प्रोसेसरवर ते सुरूच होत नाही. ज्या कॉम्प्युटरवर सोसायटीचे किंवा दवाखान्याचे हिशेब आहेत तिथे मी हे करणार नाही.

खरोखर अपात्र असेल तर घरगुती वापरासाठी मायक्रोसॉफ्टची वाढीव सुरक्षा अपडेटची योजना १३ ऑक्टोबर २०२६ पर्यंत आहे. विंडोज १० ची २२एच२ आवृत्ती आणि मायक्रोसॉफ्टचं खातं लागतं. सेटिंग्जमधल्या विंडोज अपडेटच्या पानावर नोंदणीची लिंक येते. सेटिंग्जचा बॅकअप त्या खात्यात ठेवायला होकार दिला तर पैसे पडत नाहीत. संस्थांसाठी वेगळी, सशुल्क योजना आहे. याने वेळ मिळतो. त्या वेळात पुढचा बंदोबस्त करायचा.

तोवर रोजच्या वापरासाठी अॅडमिनिस्ट्रेटर नसलेलं खातं ठेवा, फाइल शेअरिंग बंद करा, जुनं मशीन राउटरच्या गेस्ट वायफायवर (पाहुण्यांसाठीच्या वेगळ्या नेटवर्कवर) टाका आणि बँकेची कामं दुसऱ्या, अपडेट मिळणाऱ्या उपकरणावर करा. व्हायरसची शंका आली तर सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या सायबर स्वच्छता केंद्रावर मोफत साधनं आहेत. पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा, तिथे मिनिटं महत्त्वाची असतात.

## "लिनक्स आपल्याला जमेल का?"

लिनक्स म्हणजे विंडोजच्या जागी चालणारी दुसरी ऑपरेटिंग सिस्टीम. ब्राउझर, मेल, व्हिडिओ, पत्रं, साधी एक्सेलसारखी कामं एवढंच असेल तर जमेल. त्यातल्या लिनक्स मिंट २२ ला २०२९ पर्यंत अपडेट मिळणार आहेत. ते मोफत आहे आणि त्याची एक्सएफसीई आवृत्ती ४ जीबी रॅमवर नीट चालते. मराठीचा इन्स्क्रिप्ट कीबोर्ड सेटिंग्जमधून जोडता येतो. मुख्य म्हणजे ते पेन ड्राइव्हवरून, विंडोजला हात न लावता, आधी चालवून बघता येतं. वायफाय, आवाज, प्रिंटर चालतो का, हे त्यातच कळतं.

अडतं कुठे तेही सांगतो. टॅली लिनक्सवर थेट चालत नाही. डिजिटल सहीचं यूएसबी टोकन वापरून जीएसटी किंवा आयकराची कामं करणाऱ्यांनी विंडोजच ठेवावं. आपल्याकडच्या ऑफिसांत हमखास दिसणाऱ्या कॅनन एलबीपी २९०० प्रिंटरचा लिनक्स ड्रायव्हर बसवणं जिकिरीचं आहे. घरच्या आजी-आजोबांना मात्र ब्राउझरचं चिन्ह जागेवर ठेवून दिलं तर फरक फारसा जाणवत नाही.

## पत्रिका छापणारा एक्सपी

ठाण्याच्या नौपाड्यात किंवा कोपरीत एखाद्या छोट्या छापखान्यात गेलात तर अजूनही पेजमेकर (पानं जुळवायचा प्रोग्राम) आणि श्रीलिपीच्या मराठी फॉन्टवर लग्नपत्रिका जुळवताना दिसू शकते. पेजमेकरची शेवटची आवृत्ती ७, ती २००१ ची. मशीन विंडोज एक्सपीचं, ज्याचा पाठिंबा ८ एप्रिल २०१४ लाच संपला. "तुमचं ऐकून हे बदललं तर वीस वर्षांचे नमुने जातील," असं मालक म्हणाले तर ते बरोबरच आहे. जुन्या फॉन्टमधला मजकूर दुसरीकडे उघडला की अक्षरांचा चिवडा होतो.

अशा मशीनचा वेग वाढवायच्या भानगडीत पडू नका. त्याचं इंटरनेट कायमचं तोडा. नुसतं डिस्कनेक्ट नको, लॅनची वायर आणि वायफायचा डोंगल काढूनच टाका. फाइली नेण्या-आणण्यासाठी एकच पेन ड्राइव्ह ठेवा, गिऱ्हाइकाचा थेट लावू नका. २००८ मधला कॉन्फिकर हा व्हायरस पेन ड्राइव्ह लावताक्षणी आपोआप चालणाऱ्या सोयीवरही पसरला होता, म्हणून ऑटोरनही बंद करा. गिऱ्हाइकाची फाइल आधी नव्या मशीनवर तपासायची, मग इकडे. तयार काम पीडीएफ करून पुन्हा तिकडे. आणि आजच्या आज त्या डिस्कची जशीच्या तशी प्रत, म्हणजे क्लोन, काढून घ्या. एक्सपीच्या काळातली डिस्क अजून चालतेय हे नशीब आहे. पुढच्या लग्नसराईत ती गेली तर नमुनेही गेले.

## खर्च कुठे थांबवायचा आणि जुन्या डिस्कचं काय

एसएसडी, रॅम आणि साफसफाई मिळून होणारा खर्च त्याच दर्जाच्या, वॉरंटी असलेल्या वापरलेल्या आणि विंडोज ११ ला पात्र मशीनच्या निम्म्यापेक्षा जास्त होत असेल तर मी जुन्यावर पैसे घालणार नाही. मदरबोर्ड किंवा स्क्रीन गेली असेल तर तर नाहीच.

एसएसडी बसवल्यावर काढलेली जुनी डिस्क महिनाभर कपाटात ठेवा. राहिलेली फाइल याच काळात आठवते. मग ती भंगारात देण्याआधी पूर्ण पुसा. डिलीट किंवा क्विक फॉरमॅट केल्याने फाइली जात नाहीत, फक्त त्यांची यादी जाते, साध्या रिकव्हरी प्रोग्रामने त्या परत येतात. फॉरमॅट करताना क्विकवरची खूण काढून पूर्ण फॉरमॅट करा, म्हणजे सगळ्या डिस्कवर शून्य लिहिली जातात. मोठ्या डिस्कला काही तास लागतात. डिस्क चालतच नसेल तर उघडून तबकडीला भोकं पाडा, आणि मग ती दारावर येणाऱ्या भंगारवाल्याला न देता नोंदणीकृत ई-कचरा संकलकाकडे द्या.